पायाशी ठेवलेला कॅमेरा

लालबागमधल्या एका गोविंदा पथकाचा सराव मी गुरुपौर्णिमेपासून दहीहंडीच्या दिवसापर्यंत चित्रित केला. निवेदन नाही, मुलाखती नाहीत आणि कोणालाही "पुन्हा करून दाखवा" असे सांगायचे नाही, एवढे नियम मी स्वतःला घालून घेतले होते. पन्नास-साठ माणसे एकत्र काम करतात तेव्हा निर्णय कोण घेतो आणि तो बाकीच्यांपर्यंत कसा पोहोचतो, हे मला पाहायचे होते.

पहिला आठवडा वाया गेला. माझा कॅमेरा वर चढणाऱ्या मुलाच्या मागे धावत होता आणि रात्री चित्रीकरण पाहताना हाती लागत होती ती फक्त उंची. सर्वांत खालच्या थरातली, म्हणजे मनोऱ्याच्या पायातली माणसे एकमेकांचे दंड धरून, माना खाली घालून, तोंडे आत करून उभी असतात. वर काय चालले आहे हे त्यांना दिसतच नाही. ते त्यांना खांद्यावरच्या पावलांच्या भारावरून आणि शेजाऱ्याच्या अंगाला सुटलेल्या थरथरीवरून समजते. हे ध्यानात आल्यावर कॅमेरा पायाशी आला आणि पुढे तिथेच राहिला.

अमेरिकेतील माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन आपल्या चित्रपटांत कॅमेरा दुसऱ्याच्या हाती देत आणि ध्वनिमुद्रण स्वतः करत, हे मी विद्यार्थिदशेत वाचले होते. त्यामागचे कारण मला या मैदानात उमगले. मी कॅमेरा सहकाऱ्याकडे सोपवला, माइक घेतला आणि हेडफोन लावून ऐकू लागलो. प्रशिक्षकाची शिट्टी वाजण्याच्या क्षणभर आधी पायातून एक दबका आवाज येत असे: "डावीकडे बसतंय, सांभाळा." आवाज पन्नाशीच्या एका गृहस्थांचा होता. पथकाच्या बैठकीत ते कधी तोंड उघडत नसत आणि कार्यकारिणीतही त्यांचे नाव नव्हते. तरीही त्या तीन शब्दांवर सगळा पाया सरकत असे आणि शिट्टी जणू झालेल्या निर्णयावर शिक्कामोर्तब करत असे.

२०१७ साली उच्च न्यायालयाने मान्य केलेल्या अटीनुसार १४ वर्षांखालील मुलांना मनोऱ्यात घेता येत नाही. ही अट योग्यच आहे, असे माझे ठाम मत आहे. तिच्यामुळे वरचा भार वाढतो आणि तो कोणी किती उचलायचा याची वाटणी खाली नव्याने करावी लागते. ही वाटणी होताना मी दोनदा भांडणेही चित्रित केली. ती संकलनात पूर्ण ठेवली आहेत.

श्रावणातल्या एका पावसाळी रात्री सातवा थर लागता लागता मनोरा कोसळला. सर्वांनी आधी वरच्या मुलाला शोधले, त्याचे हातपाय चाचपले, त्याला पाणी दिले. त्यानंतर ते गृहस्थ आपल्या जागेवरून निघून पलीकडे जाऊन उभे राहिले आणि तिथला तरुण काही न विचारता त्यांच्या जागी आला. चूक कोणाची, हे कोणी काढले नाही. ध्वनिफितीवर त्या अर्ध्या मिनिटात पावसाचा आणि ओल्या मातीत पाय रोवल्याचा, एवढाच आवाज आहे.