ओकादाच का?

ॲनिमे, म्हणजे जपानी ॲनिमेशन, आवडतं म्हटलं की समोरच्याला दिग्दर्शकाचं नाव अपेक्षित असतं. मी मारी ओकादा हे नाव घेते. मग प्रश्न ठरलेला: एवढी माणसं चित्रं काढण्यात खपतात, त्यात पटकथा लिहिणाऱ्या बाईंचं काय एवढं? तुम्ही विचारलंत म्हणून सांगते.

टीव्हीवरच्या ॲनिमे मालिकेला एक मुख्य लेखक असतो. कुठल्या भागात काय घडायचं, कुठलं गुपित कधीपर्यंत झाकून ठेवायचं, हे बांधून देणं त्याचं काम. काही भाग तो स्वतः लिहितो, बाकीचे बहुधा इतरांकडून लिहून घेतो. खर्डा दिग्दर्शक आणि निर्मात्यांपुढे वाचला जातो, त्याची चिरफाड होते, तो पुन्हा लिहिला जातो. ओकादा या कामात मुरलेल्या आहेत.

त्यांचा जन्म १९७६चा, साइतामा प्रांतातल्या चिचिबूचा. चहूबाजूंनी डोंगर असलेलं हे शहर. शाळेत मुलांनी छळलं, शाळा सुटली, आणि लहानपणाची कित्येक वर्षं घरातच गेली. पुढे टोकियो गाठून त्यांनी थेट व्हिडिओवर निघणाऱ्या सिनेमांसाठी लिहिलं आणि १९९८मध्ये त्या ॲनिमेत आल्या.

त्यांची गोष्ट सांगताना लोक घरात कोंडलेल्या मुलीवरून थेट २०११च्या ‘अनोहाना’ या मालिकेवर येतात. मधली तेरा वर्षं गाळतात, आणि मला तर तीच मोलाची वाटतात. त्या काळात त्यांनी बरंचसं इतरांच्या मांगांवर (जपानी चित्रकथांवर) आणि कादंबऱ्यांवर काम केलं. २००८ची ‘तोरादोरा’ ही मालिका युयुको ताकेमिया यांच्या कादंबऱ्यांवरची. दुसऱ्याची पात्रं वर्षानुवर्षं सांभाळून हात बसला, तेव्हा कुठे स्वतःचं चिचिबू कागदावर आलं.

‘अनोहाना’चा नायक जिंता शाळेत जाणं सोडून घरी बसलाय. लहानपणी वारलेली मैत्रीण मेन्मा त्याला दिसू लागते आणि पहिल्याच भागात घराबाहेर काढते. ऐन उन्हाळ्यात तो विणलेली टोपी चढवून निघतो, कुणी ओळखू नये म्हणून. आणि नेमके दोन जुने मित्र समोर येतात, अंगावर शाळेचा गणवेश. घरी बसलेल्या मुलाला रस्त्यावर दिसणाऱ्या गणवेशाची किती धास्ती असते, ते त्या टोपीवरूनच कळतं. हे लिहायला अनुभव लागतोच, पण तो एका टोपीत मावतो हे कळायला सराव लागतो.

२०१५ आणि २०१९च्या चित्रपटांत त्या पुन्हा चिचिबूकडे वळल्या. २०१८च्या ‘माकिआ’ या चित्रपटापासून त्या दिग्दर्शनही करतात.

त्यांची पात्रं फार रडतात, ओरडतात, अशी तक्रार मी ऐकते. ‘अनोहाना’चा शेवट गलबल्याचा आहे, मान्य. पण मेन्मामागे उरलेले ते पाच मित्र दहा भाग मनातलं दडवत आलेले असतात. मी त्यातला एकही हुंदका कापणार नाही.

बघणार असाल तर आधी ‘तोरादोरा’ बघा. दिग्दर्शक तात्सुयुकी नागाई, पात्रं रेखाटणारे मासायोशी तानाका आणि ओकादा हे त्रिकूट तिथेही आहे, आणि पुढे ‘अनोहाना’तही तेच.