वाईचा वाडा: आजी अखेर तुळशीपर्यंत पोचली

आजीनं आज तुळशीला पाणी घातलं. गेममध्ये सकाळचे सात वाजले होते, माझ्या घड्याळात रात्रीचे पावणेदोन. अकरा दिवस हे काम अडलं होतं, म्हणून झोपायच्या आधी लिहून काढतेय.

मागची नोंद ज्यांनी वाचलीय त्यांना वाडा कुठवर आला होता ते माहीत आहे. सिम्स ४ (घर बांधून त्यात 'सिम' नावाची माणसं चालवायचा कॉम्प्युटर गेम), फक्त बेस गेम, म्हणजे विकतच्या जोडण्यांशिवायचा मूळ खेळ, न्यूक्रेस्ट या गेममधल्या गावातला ४० बाय ३० चौकोनांचा प्लॉट. दोन मजले, मधे उघडा चौक, चौकाभोवती ओसरी. आमचा वाईचा वाडा पाडला त्याला बरीच वर्षं झाली, तोच मी गेममध्ये पुन्हा बांधतेय आणि आजी-आजोबांना त्यात सिम म्हणून ठेवलंय. फोटो जेमतेम सात, त्यातही सगळे लग्नकार्याचे, म्हणजे माणसं दिसतात, घर दिसत नाही. त्यामुळे मापं सगळी आईच्या तोंडची. आई फुटात किंवा मीटरमध्ये सांगत नाही, खणात सांगते. "ओसरी पाच खणी होती, माजघर तीन खणी." खण म्हणजे दोन खांबांमधलं अंतर, ते मी गेममधले तीन चौकोन धरलंय आणि आतापर्यंत तरी सगळं बरोबर बसतंय.

तर अडचण. मागच्या नोंदीत मी चौकात वृंदावनाची सुरुवात केली होती. एका चौकोनाची कुंडी, तिच्यात बेझिल. (तुळस गेममध्ये नाही. बेझिल म्हणजे आपला सब्जा, तुळशीच्याच कुळातला. स्टार्टर हर्ब्जच्या पुडीत मिळतो.) तेव्हा आजी रोज येऊन पाणी घालत होती. मग मी एका संध्याकाळी बसून कुंडीला दगडी रूप दिलं. बीबी डॉट शोलाइव्हएडिटऑब्जेक्ट्स ही चीट (गेममध्ये टाइप करायचा खास आदेश) टाकून शोधात 'डीबग' लिहिलं, त्यानं दिसणाऱ्या लपवलेल्या वस्तूंतले लहान दगड घेतले, शिफ्ट आणि चौकटी कंसानं आणखी लहान केले आणि बीबी डॉट मूव्हऑब्जेक्ट्स चालू ठेवून एकेक करून कुंडीच्या अंगात घुसवले. एकूण सव्वीस दगड. समोरच्या बाजूला एक दगड मुद्दाम आत दाबला, कोनाडा दिसावा म्हणून. दिसायला इतकं सुरेख झालं की मी लगेच आईला फोटो पाठवला.

दुसऱ्या दिवशी आजी ओसरीवरून उतरली, चौकात चार पावलं आली, हात उडवले, डोक्यावर वाट अडल्याचा फुगा आला आणि परत माजघरात गेली. पुन्हा सांगितलं, पुन्हा तेच. दोन दिवसांत बेझिल कोमेजायला लागलं.

पहिला संशय पायरीवर. ओसरी मी प्लॅटफॉर्मवर घेतलीय, सगळ्यात कमी उंचीच्या, आणि कितीही बुटका प्लॅटफॉर्म असला तरी सिमला पायरी लागतेच. दोन्ही बाजूंच्या पायऱ्या जागेवर होत्या. मग अडकलेल्या सिमला मोकळं करणारी रीसेटसिम ही चीट आणि आजीचं नाव. काही नाही. मग टेस्टिंगचीट्स ट्रू करून जमिनीवर शिफ्ट-क्लिक केलं आणि आजीला थेट चौकात आणून उभं केलं. कुंडीपासून दोन चौकोनांवर. तरीही पाणी घालायला तयार नाही. एवढं तरी कळलं की वाड्यातली वाट मोकळी आहे, अडतंय ते शेवटच्या पावलावर.

म्हणजे दगडच, असं मी पक्कं धरलं. मूव्हऑब्जेक्ट्स वापरणाऱ्या सगळ्यांना हे ठाऊक आहे की ती चीट वस्तू एकमेकींत घुसवू देते, पण प्रत्येक वस्तूनं जमिनीवर अडवलेली जागा, म्हणजे फूटप्रिंट, काही पुसत नाही. माणसाला उभं राहायला चौकोन उरला नाही तर काम होत नाही. म्हणून निम्मे निम्मे काढत गेले. तेरा काढले, आजी अडली. उरलेल्यातले सात काढले, अडली. शेवटी सव्वीसच्या सव्वीस काढून टाकले. नुसती कुंडी, नुसतं बेझिल, भोवती मोकळी फरशी, आणि तरी आजी हात उडवून परत.

त्या रात्री मी लॅपटॉप बंद केला आणि तीन दिवस गेम उघडला नाही.

एक सांगायला हवं. माझ्या ओळखीच्या बऱ्याच जणांना चीट म्हटलं की मदरलोड आठवतं, ५०,००० सिमोलिऑन (गेममधले पैसे) आले की संपलं. मीही वाडा बांधायला ते अनेकदा टाकलंय, नाहीतर एवढे खांब कुठून येणार? पण बांधून झाल्यावर 'मनी २५००' टाकून घरातली रक्कम खाली आणली. आजी-आजोबांच्या घरात पैसा मोजूनमापूनच होता, आणि गेममध्येही तो तसाच राहिला तर ती दोघं परसात भाजी लावतात, आजोबा संध्याकाळी कामावरून येतात, घर चालतं. सिम्सचे निर्माते विल राइट यांचं घर १९९१ च्या ओकलंडच्या आगीत जळालं, आणि नव्यानं संसार उभा करताना त्यांना या खेळाची कल्पना सुचली. सुरुवातीला तो घरं बांधायचाच खेळ असणार होता, माणसं आली ती घर चांगलं जमलंय की नाही ते ठरवायला. २००० साली खेळ आला तोवर माणसांनीच तो व्यापला होता. पण मी आजही तो त्या पहिल्या अर्थानंच खेळते. वाडा जमला की नाही ते आजी ठरवणार. आजी पाणी घालू शकत नसेल तर तो वाडा नाही, चित्र आहे.

चौथ्या दिवशी बसमध्ये सुचलं. मूव्हऑब्जेक्ट्स बंद करायची! ती टॉगल आहे, तीच ओळ पुन्हा लिहिली की जाते. बंद असताना गेम स्वतःच सांगतो की कुठे काय ठेवता येत नाही. घरी आल्या आल्या कुंडी चौकाच्या कोपऱ्यात नेऊन ठेवली (तिथे आजीनं लगेच पाणी घातलं, बेझिल वाचलं), चीट बंद केली, स्वयंपाकघरातली एक साधी खुर्ची उचलली आणि चौकात एकेका चौकोनावर धरून पाहिली. ओसरीकडून पहिली ओळ, हिरवी. दुसरी, हिरवी. मधल्या जागी आले आणि खुर्ची लाल. शेजारी लाल. त्याच्या शेजारी लाल. वहीत चौकोन काढून फुल्या मारत गेले. तीन बाय तीन, नऊ चौकोन, बरोबर चौकाच्या मधोमध. आणि त्या नऊ चौकोनांत फरशीशिवाय काहीही नव्हतं.

मग मी कॅमेरा वर फिरवला.

आकाशकंदील. दिवाळीच्या फोटोसाठी मी बेस गेममधला एक उभा दिवा घेतला होता, शिफ्ट आणि कंसानं तीनदा मोठा केला होता आणि कंट्रोल-९ दाबत दाबत दुसऱ्या मजल्याच्या उंचीवर नेऊन चौकाच्या मधोमध तरंगत ठेवला होता. दगड आणि कंदील एकाच संध्याकाळचे. दगडांवर संशय आला, कंदिलावर आला नाही, कारण तो वर होता. वस्तू कंट्रोल-९ नं कितीही उचला, तिची जागा जमिनीवरच राहते. मोठी केली की जागाही मोठी होते. माझ्या डोळ्याला कंदील आकाशात होता, आजीच्या पायांना तो चौकात उभा होता, तीन खांबांएवढा.

कंदील काढला, कुंडी मधे आणली. आजी आली, झारी उचलली, पाणी घातलं. मी तो दिवस पहिल्या गतीवरच चालू ठेवला. आजीनं पाणी घातल्यावर ओसरीवर बसून आजोबांशी गप्पा मारल्या, तेही मी पूर्ण पाहिलं.

इथवर लिहिताना एक गोष्ट डोक्यात आली आणि मी उठून तपासून आले. आजोबा स्वयंपाकघरातून कोठीत जाताना नेहमी माजघराला वळसा घालतात. मला वाटायचं की गेमची तशीच सवय असेल. पण कोठीच्या दारात मी शिंकाळं म्हणून दोन भांडी कंट्रोल-९ नं उचलून टांगली आहेत! खुर्ची धरून पाहिली, लाल. भांडी काढली, आजोबा सरळ गेले. म्हणजे या आठवड्याचा बेत बदलला. वरच्या मजल्याची गॅलरी करणार होते, ती राहू दे. आधी वाड्यातल्या प्रत्येक उचललेल्या वस्तूखाली खुर्ची फिरवणार. भिंतीवर लागणाऱ्या वस्तू वर घेतल्या तर चालतं, त्या जमीन अडवत नाहीत. सतरंज्याही नाहीत. त्यामुळे शिंकाळ्यासाठी आता भिंतीवरचंच काहीतरी शोधते. दिंडी दरवाजावरचं तोरण मुळातच भिंतीचं आहे, सुटले.

कंदील मात्र मला हवाच आहे. तो आता वरच्या मजल्याच्या ओसरीच्या कोपऱ्यात ठेवून उचलणार, म्हणजे त्याची जागा त्या मजल्यावर अडेल, जिथे कुणी जात नाही. मोठा न करता.

छोट्या गोष्टी पटकन. चौकाकडे उतरणारं कौलारू छप्पर जमलं. चार बाजूंना चार हाफ-गेबल (एकाच बाजूला उतरणारी छपरं), आणि शिफ्ट धरून वळचण एकेका बाजूनं ओढली. नैऋत्येचा कोपरा अजून फाकलेला आहे, पण अंगणातून दिसत नाही. खांबांसाठी मी परत एकदा विश्रामबाग वाड्याला जाऊन आले. ते सुरूच्या आकाराचे, खाली फुगीर वर निमुळते, तसे खांब बेस गेममध्ये नाहीतच. सगळ्यात बारीक लाकडी खांब घेतला आणि रंग काळपट केला. पेशवाईतला वाडा तो, आमचा साध्या माणसांचा, त्यामुळे खंत नाही. कोर्टयार्ड ओअ‍ॅसिस किट (गेमची विकतची छोटी जोडणी) घे असं दोघींनी सुचवलं. कमानी देखण्या आहेत, पण त्या मोरोक्कोच्या चौकघरांच्या कमानी आहेत, आपल्या महिरपीची पाकळी त्यांना नाही. त्या लावल्या तर आई पहिल्याच नजरेत "हे आपलं नाही" म्हणेल.

मॉड (खेळणाऱ्यांनीच गेमसाठी बनवलेल्या जोडण्या) अजूनही नाही. तरंगत्या वस्तूंसाठी मॉड आहेत, चांगले आहेत, पण प्रत्येक अपडेटनंतर ते तपासत बसण्यापेक्षा गेमच्याच चीट मला विश्वासाच्या वाटतात. टेस्टिंगचीट्स दर वेळी गेम उघडल्यावर नव्यानं टाकावी लागते, तेवढी एक ओळ लिहायला काही जड नाही. आणि जुना माऊस बदलला. चाक घसरत असलं की कॅमेरा नेमका हवा तिथे थांबत नाही, आणि कंदील एवढे दिवस न दिसायला तेही एक कारण होतं असं मला वाटतं. नवा माऊस साधाच आहे, तारेचा, पण चाकाला खटखट आहे.

आजी-आजोबांचं वय वाढणं मी सेटिंगमधून बंद केलंय. कुणीतरी विचारलं होतं, म्हणून सांगितलं.

आईला व्हिडिओ कॉलवर आजी पाणी घालताना दाखवली. आई बराच वेळ बघत होती. मग म्हणाली, "अगं, पण ही लगेच आत का गेली? पाणी घालून झालं की आई प्रदक्षिणा घालायची. पदर असा धरून." गेममध्ये प्रदक्षिणा कुठून असणार? पण कॉल चालू असतानाच मी कुंडीच्या चार कोपऱ्यांवर एकेक करून 'गो हिअर' दिलं. पहिला कोपरा, आजी गेली. दुसरा, गेली. तिसरा, गेली. उजवी घालून, कुंडीला वळसा देत, अगदी सावकाश. आई काही बोलली नाही, फक्त फोन जवळ घेतला.

चौथ्या कोपऱ्यावर आजी अडली. दगड परत लावताना ईशान्येचा एक दगड अर्धा चौकोन बाहेर राहिलाय. उद्या पहिलं काम तो आत घेणं.