तुम्ही विचारलंत म्हणून: दाराशी महाराजपुरा असताना नौदल कशाला?

मुंज असो, लग्न असो, गणपतीची आरती असो, ग्वाल्हेरच्या आपल्या माणसांत गेलो की हा प्रश्न येतोच. "विमानंच दुरुस्त करायची होती तर महाराजपुऱ्याला हवाई दल होतं. समुद्र नसलेल्या गावातून तू नौदलात कसा गेलास?" आणि मागून एखादी आत्या हळूच म्हणते, "सख्ख्या बहिणीच्या लग्नालाही आला नाही." आजवर मी हसून वेळ मारून नेली. आता नेत नाही.

आधी समुद्राचं बोलू. आज गोव्यात दाभोळीला असलेला नौदलाचा 'हंस' तळ सुरू झाला तो 5 सप्टेंबर 1961 रोजी, कोइमतूरजवळ सुलूरला. तिथेही समुद्र नाही. तेव्हा गोवा पोर्तुगीजांकडे होता; हंस दाभोळीला आला 1964 मध्ये. म्हणजे पहिल्या विक्रांत या विमानवाहू जहाजावरची सी हॉक विमानं, ज्यांनी युद्धात 4 डिसेंबर 1971 ला तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानातल्या कॉक्स बाजारवर हल्ला केला, त्यांचं पहिलं भारतीय घर कोरड्या जमिनीवरच होतं. कोचीचा 'गरुड' त्याहून जुना, 11 मे 1953 चा. तळ जमिनीवर असला तरी नाव जहाजासारखं, आयएनएस लावून, आणि फाटकाबाहेर बाजारात जायचं तरी आम्ही 'अशोर', म्हणजे किनाऱ्यावर, जातो म्हणायचो.

"नौदलाकडे कसली विमानं?" असंही विचारतात. किनाऱ्यापासून दूर समुद्रावर टेहळणी करणारी मोठी विमानं आधी हवाई दलाकडेच होती. 1976 मध्ये ती सुपर कॉन्स्टेलेशन नौदलाकडे आली, कारण समुद्रात काय शोधायचं हे ठरवणारा आणि शोधणारा एकाच घरातला हवा. ही वाटणी मला आजही योग्य वाटते.

आणि समुद्री विमान ग्वाल्हेरला आलंच नाही असं कोण म्हणतं? 1938 च्या सुमारास इंपीरियल एअरवेजच्या उडत्या बोटी कराचीहून कलकत्त्याला जाताना राजसमंदला उतरत, मग आपल्या माधोसागरावर, मग अलाहाबादला. आजोबा संस्थानच्या पाटबंधारे खात्यात होते, त्यांनी ते पाहिलं होतं. "पाणी फाडत येतं आणि मग बदकासारखं शांत बसतं," असं सांगायचे. ते ऐकूनच मी नौदलात गेलो, असं मी वर्षानुवर्षं सांगत आलो.

ते पूर्ण खरं नाही. मी आधी हवाई दलाची परीक्षा दिली होती. यादीत माझं नाव नव्हतं. नौदलाच्या यादीत होतं. 1985 साली महाराजपुऱ्याला मिराज लढाऊ विमानं आली आणि त्याच वर्षी मी ट्रंक घेऊन ओरिसात चिल्क्याला गेलो, प्रशिक्षणाला. नौदलातलं माझं पहिलं पाणी म्हणजे तेही सरोवरच. तेव्हाच्या मला हे कुणासमोर कबूल करायची लाज वाटायची, म्हणून आजोबांची बोट पुढे केली. पण आजोबांची गोष्ट खोटी होती असंही आज म्हणवत नाही. परीक्षा कुठलीही दिली असती, मनात ते बदक होतंच.

आता लग्नाचं. साल 1993. जहाज कुठलं ते सांगत नाही. मी सी किंग हेलिकॉप्टरवर मेकॅनिक होतो. रात्रीची सर्व्हिसिंग संपली की हत्यारं मोजायची. फळीवर प्रत्येक पान्याचा आकार रंगवलेला असतो, जागा रिकामी असली की दिसते. त्या रात्री लाल दिव्यात मी मोजलंच नाही. जोडीदार म्हणाला, "पूरा है," आणि मी फॉर्म सेव्हन हंड्रेडवर, म्हणजे विमानाच्या देखभालीच्या नोंदवहीत, सही केली. हेलिकॉप्टर उडालं. चाळीसेक मिनिटांनी फळी दिव्याखाली नेली, तर दहा नंबरच्या पान्याची जागा रिकामी.

गप्प बसता आलं असतं का? आलं असतं. पाना खिशातून समुद्रात पडला असेल, असं मी स्वतःला दोन मिनिटं सांगत उभा राहिलो. ती दोन मिनिटं मला अजून माफ करता येत नाहीत. खाली काळं पाणी, इंजिनाशेजारी कदाचित माझा पाना, आणि आत चार माणसं. मी धावत जाऊन चीफना, माझ्या वरिष्ठांना, सांगितलं. हेलिकॉप्टर परत बोलावलं. सकाळपर्यंत एकेक पॅनल उघडून शोधलं. पाना सापडला नाही. आजतागायत नाही. चीफ एवढंच म्हणाले, "बोललास ते ठीक. सही का केलीस?"

माझी रजा रद्द झाली. बहिणीचं लग्न बाराव्या दिवशी होतं. घरी तार केली की जहाज बाहेर जातंय, रजा मिळत नाही. सगळ्यांनी नौदलाला बोल लावला आणि मी तो लावू दिला. ज्या नौदलाची बाजू घेऊन मी तुमच्याशी इतकी वर्षं भांडलो, त्याच्यावर तो आळ मीच ठेवला होता.

महाराजपुऱ्याला असतो तर घडलं नसतं का? कदाचित पाना हँगरच्या फरशीवर सकाळी मिळाला असता. कदाचित लग्नाला सायकलवर पोचलो असतो. पण जिथे उतरायला ते एकच डेक, तिथे सहीचं वजन किती हे मला कळलं. ते इथे कळलं असतं की नाही, सांगता येत नाही. कधी वाटतं कळलं असतं, हवाई दलातली माणसं काही कमी काळजीची नाहीत. कधी वाटतं, मला तरी नसतं कळलं.

बहीण इंदूरला असते. तिच्या अल्बममध्ये लाजाहोमाचा फोटो आहे, तिच्या ओंजळीत लाह्या मावसभाऊ घालतोय. कानपिळीच्या फोटोतही तोच. तिला मी हे अजून सांगितलेलं नाही. तुमच्याबरोबरच तीही वाचेल.