काका, तुमचा स्पीकर गेलाय

"काका, स्पीकर गेलाय तुमचा, सगळं गढूळ ऐकू येतंय." आज संध्याकाळी पुतण्या बोलला आणि तेव्हापासून डोक्यात तेच चालू आहे.

स्पीकर ठणठणीत आहे रे बाबा. लावला होता स्लाय अँड द फॅमिली स्टोन या अमेरिकन बँडचा 'देअर्स अ रायट गोइंग ऑन' (म्हणजे 'दंगल चालू आहे') हा अल्बम, १९७१ चा. बँडचा म्होरक्या स्लायने त्याच टेपवर इतक्यांदा पुसून परत रेकॉर्ड केलं की टेपच झिजली, ती खरखर तिथली आहे, आणि बऱ्याच गाण्यांत ड्रमरच्या जागी ड्रम मशीन टकटकतंय.

त्या काळचे कित्येक समीक्षकही असेच बुचकळ्यात पडले म्हणे. दोनच वर्षं आधी 'स्टँड!' या अल्बममध्ये सगळ्यांना नाचवणारा बँड आणि आता हे काय पुटपुटणं? तरी अल्बम अमेरिकेतल्या बिलबोर्डच्या लोकप्रियता यादीत एक नंबरला गेला, आणि आज थोर अल्बमच्या याद्यांत हमखास असतो.

मग पुतण्याला कव्हरवरची गाण्यांची यादी दाखवली. टायटल गाणं, वेळ शून्य मिनिटं शून्य सेकंद. दंगल होऊच नये असं वाटत होतं म्हणून, असं स्लायनेच नंतर सांगितलं.

पोरगं बराच वेळ बघत बसलं. "मग हे ऐकायचं कसं?"

सांगा आता, काय उत्तर देऊ?