‘कॉलीन बॉन’ने यादी पुन्हा विस्कटली

केलेम या अमेरिकी कंपनीच्या मूकपटांची आयर्लंडमधली प्रदर्शन-यादी (कुठला चित्रपट कुठे, कधी लागला, हे जुन्या वृत्तपत्रांतल्या जाहिरातींवरून) जवळजवळ उभी राहिली होती. मागच्या हप्त्यात ‘द कॉलीन बॉन’ या नावाच्या साऱ्या जाहिराती सिडनी ऑलकॉटच्या १९११ च्या चित्रपटाच्या खात्यावर टाकल्या. आता त्या सगळ्या ‘संशयित’ रकान्यात.

याच नावाचं डायन बूसिकोचं नाटक १८६० पासूनचं. १९११ मध्येच ऑस्ट्रेलियातही याच नावाचा मूकपट निघाला. पुढे १९२० चा ‘विली रायली अँड हिज कॉलीन बॉन’ आहेच, आणि सहा शब्दांचं नाव जाहिरातीच्या चिंचोळ्या चौकटीत आखडतं. त्यात ओसीआरला, म्हणजे छापील अक्षरं संगणकाने ओळखण्याच्या तंत्राला, जुनी शाई पेलत नाही. ‘बी’चा ‘डी’ झाला की बॉनची डॉन होते आणि शोधातून निसटते. म्हणून नुसतं ‘कॉलीन’ शोधून पानाचं चित्र डोळ्यांनी वाचावं. कात्रणापुरतं चित्र देणारी सशुल्क संग्रहस्थळं इथे कुचकामी आहेत, कारण शेजारच्या जाहिरातीशिवाय नाटक की चित्रपट हे ठरतच नाही. मोशन पिक्चर्सची व्यापारी मासिकं-साप्ताहिकं मात्र ‘लँटर्न’ या शोधस्थळावर फुकट आणि पानंच्या पानं मिळतात.

पहिली चाळणी सोपी: नटसंच, नेपथ्य यांचा उल्लेख असेल तर नाटक. दुसरी लांबीची. केलेमचा चित्रपट तीन रिळांचा. ३५ मिमीच्या एका फुटात १६ चौकटी, म्हणजे सेकंदाला १६ चौकटींच्या वेगाने १००० फुटांचं भरलेलं रीळ १६ मिनिटं ४० सेकंद चालतं. तीन रिळांना पाऊण तासाच्या वर. ऑपरेटरने प्रोजेक्टरचं हँडल जोरात फिरवून २० चा वेग धरला तरी ४० मिनिटं. तासाभराच्या खेळात सहा विषयांपैकी एक म्हणून नाव आलं असेल, तर तो हा चित्रपट नव्हे, निदान पूर्ण तरी नव्हे.

फक्त जाहिरातीतल्या लांबीवर डोळे मिटून विसंबू नये. आपल्या फाळक्यांची ‘राजा हरिश्चंद्र’ची जाहिरात आठवा: ५७,००० छायाचित्रं, दोन मैल लांबीचं चित्र, फक्त तीन आणे! ५७,००० भागिले १६ म्हणजे सुमारे ३,५६० फूट. दोन मैल म्हणजे १०,५६०.

हे लिहिताना सुचलं, की नावाऐवजी रिळांचा प्रवास का धरू नये? कार्यक्रम बहुधा सोमवारी आणि गुरुवारी बदलत. तारीख आणि गाव असे दोन रकाने लावले की एकच प्रिंट या गावातून त्या गावात सरकताना दिसेल. एकाच दिवशी दोन गावं आली तर प्रिंट दोन, नाहीतर चित्रपट दोन. तेव्हा वर्णानुक्रमाची मांडणी रद्द, सारी यादी तारखेने लावायची.

मध्येच एक गोड फळ. फिल्म कंपनी ऑफ आयर्लंडचं हेन्री स्ट्रीटवरचं कार्यालय १९१६ च्या ईस्टर उठावात उद्ध्वस्त झालं आणि ‘आयरिश लाइमलाइट’ हे चित्रपट-मासिक सुरू होतं जानेवारी १९१७ ला. त्यामुळे १९१६ साठी दैनिकांशिवाय गती नाही. याच कंपनीचा ‘ओ’नील ऑफ द ग्लेन’ एका ‘एल’ने शोधा, दोन ‘एल’ने शोधा, काहीतरी हुकतंच. ‘ग्लेन’ आणि ‘बोहेमियन’ (डब्लिनचं चित्रपटगृह) एवढेच शब्द द्यावेत. ७ ऑगस्ट १९१६, डब्लिन: नोंद पक्की. चित्रपट हरवलेला, म्हणून ही ओळ सोन्याची.

केलेमच्याच ‘रोरी ओ’मोर’ला इतक्यात हात लावू नये. तिथे अपॉस्ट्रॉफीचा तमाशा वेगळाच, शिवाय ते गाणंही आहे, कादंबरीही आणि नाटकही.