गाय उलटली, पण का?

मे महिन्यात आमच्या आर्वी तालुक्यातल्या दवाखान्यात एक तक्रार ठरलेली असते: गाय उलटली, म्हणजे भरवूनही गाभण न राहता पुन्हा माजावर आली. त्या दिवशी आलेले काका मात्र निकाल लावूनच आले होते. "साहेब, तुमची कांडीच खराब हाय. पुन्हा उलटली जी!"

कांडी, म्हणजे गोठवलेल्या वीर्याची नळी, उणे 196 अंश सेल्सिअसच्या द्रव नायट्रोजनात होती, आणि त्याच लॉटवर थंडीत त्यांच्याच गावातल्या गाई गाभण राहिल्या होत्या. म्हणून भर दुपारी गोठ्यावर गेलो.

टिनाचा गोठा, तीन बाजूंनी बंद. संकरित जर्सी तोंड उघडून धापा टाकत होती, लाळेची तार जमिनीला टेकलेली. थर्मामीटर 104.6 फॅरेनहाइटवर. गाईचं एरवीचं तापमान 101.5 च्या आसपास. आजाराचं दुसरं काही लक्षण नव्हतं; गाय नुसती उन्हानं तापली होती.

काकांना वाटत होतं, गर्भ धरलाच नाही. माझ्या मते बहुधा धरला होता, तगला नाही. गाईच्या भ्रूणाची स्वतःची जनुकं साधारण 8 ते 16 पेशींच्या टप्प्यावर जोमानं कामाला लागतात. तोवरचे तीन-चार दिवस आईनं बीजांडात भरून दिलेल्या शिदोरीवर निघतात. उष्णतेनं पेशीतल्या प्रथिनांच्या घड्या विस्कटतात. त्या सावरणारी हीट शॉक प्रथिनं मोठ्या जनावराच्या पेशीत झपाट्यानं तयार होतात. या कोवळ्या भ्रूणाची ताकद तिथं तोकडी पडते. (या यंत्रणेचा सुगावा रितोसा या इटालियन शास्त्रज्ञाला फळमाशीत लागला, तोही इन्क्युबेटरचं तापमान चुकून वाढल्यामुळं. 1962 मध्ये त्यानं ते छापलं.) भ्रूण असा लवकर मेला, तर सोळाव्या दिवसाच्या सुमारास त्यानं गर्भाशयाला द्यायचा संदेश जात नाही, आणि गाय एकविसाव्या दिवशी बिनबोभाट माजावर येते. गर्भ धरला नाही काय नि तगला नाही काय, वरून पाहणाऱ्याला दोन्ही सारखंच.

उपाय सांगितला: भरवल्यावर निदान चार दिवस कडुलिंबाखाली बांधा, अंगावर ओलं बारदान टाका, दुपारी पाणी मारा.

"प्याचं पाणी टँकरचं," काकू म्हणाल्या, "गाईवर कोठून ओतू?"

याला माझ्याकडं उत्तर नव्हतं. पावसापर्यंतचे माज सोडायचे ठरले. वेत लांबलं की दुधाचं किती बुडेल, ते काकूंनी तिथंच बोटांवर मोजलं.

श्रावणात त्याच लॉटची कांडी भरली. गाय गाभण राहिली. एका गाईवरून लॉट चांगला ठरत नाही, असं शेजाऱ्यानं मला लगेच सुनावलं, आणि ते बरोबरच होतं.