गेम परत मिळेल, गाव नाही

"गेम काय, जुन्या बाजारात परत मिळेल गं आत्या. पण माझं गाव कुठे मिळणार?"

भाची आज तिच्या जुन्या ३डीएसवर (निन्टेन्डोचं हातात धरून खेळायचं गेमयंत्र) 'ॲनिमल क्रॉसिंग: न्यू लीफ' या आपलं गाव वसवायच्या गेमचा बॅकअप घेत होती. गॉडमोड९ हे सॉफ्टवेअर उघडून तिने आधी अख्खं कार्ट्रिज एसडी कार्डावर उतरवलं. मग चेकपॉइंट या दुसऱ्या सॉफ्टवेअरने सेव्ह, म्हणजे आपण खेळलेलं जिथे साठतं ती फाइल, वेगळं काढलं. गेमच्या मानाने ती फाइल अगदीच चिमुकली. पण शाळेत असताना तिने लावलेली फळझाडं, आखलेले रस्ते, सगळं त्या एवढ्याशा फाइलमध्ये!

३डीएसच्या ई-शॉपमधली खरेदी २७ मार्च २०२३ ला बंद झाली, एप्रिल २०२४ मध्ये बहुतेक ऑनलाइन खेळही. आता हे जपायला उरलीत हौशी लोकांनी लिहून फुकट वाटलेली होमब्रू सॉफ्टवेअर्स. त्यांचे खरंच आभार मानावेसे वाटतात.

विकत न घेता नेटवरून गेम फुकट उतरवणं वेगळं आणि स्वतः विकत घेतलेल्याची प्रत ठेवणं वेगळं. दोघांना एकाच तागडीत तोलणं मला पटत नाही.

तुमच्या घरी अशी जुनी कार्ट्रिजं आहेत का? त्यातलं सेव्ह काढून ठेवलंय?